अट्टिलाला घाबरून अख्खं पॅरिस पळायला निघालं होतं, तेव्हा जेनेव्हिएव्हनं शहर सोडायला नकार दिला

ब्राझीलच्या रिओमध्ये डोंगरावर दोन्ही हात पसरून उभा असलेला येशूचा पुतळा तुम्ही फोटोत तरी नक्की पाहिला असेल. तो घडवणारा शिल्पकार म्हणजे फ्रान्सचा पॉल लांडोव्स्की.

याच लांडोव्स्कीचा एक पुतळा पॅरिसमध्येही आहे आणि तो रिओच्या पुतळ्याच्या आधीचा आहे. सीन नदीवरच्या तुर्नेल पुलापाशी एका उंच खांबावर एक बाई उभी आहे. तिच्यापुढे एक लहान मूल आहे आणि मुलाच्या हातात छोटं जहाज आहे. १९२८ साली हा पुतळा उभा राहिला. बाईचं तोंड पूर्वेकडे आहे, कारण पंधराशे वर्षांपूर्वी हूणांची फौज त्याच दिशेनं आली होती.

ही बाई म्हणजे सेंट जेनेव्हिएव्ह, पॅरिसची रक्षणकर्ती संत. तिच्यामुळेच जेनेव्हिएव्ह हे नाव फ्रान्समध्ये शतकानुशतके मुलींना ठेवलं गेलं.

पण या नावाचा अर्थ काय? आणि ते आलं कुठून? इथूनच खरी गंमत सुरू होते.

नाव नक्की कुणाचं?

जुन्या लॅटिन कागदांमध्ये तिचं नाव जेनोवेफा असं येतं. ते कुठल्या भाषेतलं, यावर अभ्यासकांचं आजही एकमत नाही.

एक गट सांगतो की हे नाव केल्टिक आहे. रोमन लोक येण्याआधी फ्रान्सच्या भूमीवर केल्टिक टोळ्या राहायच्या, त्यांना आपण गॉल म्हणतो. त्यांच्या भाषेत ‘गेनो’ म्हणजे कुळ, वंश, जमात. पुढच्या ‘वेफा’चा अर्थ बाई असा लावतात. म्हणजे जेनोवेफा ही आपल्या जमातीची बाई.

दुसरा गट सांगतो की नाव जर्मानिक आहे, म्हणजे ऱ्हाइन नदीपलीकडून आलेल्या फ्रँक लोकांच्या भाषेतलं. तिथे ‘कुनी’ म्हणजे कुळ आणि ‘विफ’ म्हणजे बाई. इंग्रजीतला ‘वाइफ’ याच शब्दापासून आला.

गंमत म्हणजे भाषा कुठलीही धरा, अर्थ जवळपास तोच निघतो. कारण केल्टिक ‘गेनो’ आणि जर्मानिक ‘कुनी’ हे दोन्ही शब्द एकाच जुन्या इंडो-युरोपीय धातूपासून आलेत. याच धातूपासून संस्कृतात ‘जन’ आला. आपण मराठीत रोज वापरतो ते जन, जन्म, जनता हे सगळे शब्द या नावाच्या नात्यातले आहेत. त्या हिशेबानं जेनेव्हिएव्ह म्हणजे जनांची बाई, लोकांची बाई.

आता एक गैरसमज. मुलींच्या नावांच्या याद्यांमध्ये जेनेव्हिएव्ह आणि जेनिफर ही एकच नावं म्हणून सांगितली जातात. पण जेनिफर हे आर्थर राजाच्या गोष्टीतल्या ग्विनेव्हिअर राणीच्या नावाचं रूप आहे. तिचं मूळ वेल्श नाव ज्या शब्दानं सुरू होतं, त्याचा अर्थ गोरी किंवा शुभ्र असा होतो. ते नावही केल्टिकच, पण वेगळं.

नाँतेरची मुलगी

जेनेव्हिएव्हचा जन्म साधारण इसवी सन ४२० च्या सुमाराचा. गाव नाँतेर. आज ते पॅरिसला चिकटलेलं उपनगर आहे, तेव्हा ते वेगळं खेडं होतं. या गावाचं जुनं नावही केल्टिक, देवस्थान या अर्थाच्या शब्दावरून पडलेलं. पॅरिसचं नावही पॅरिसी नावाच्या केल्टिक टोळीवरून पडलं.

तिच्या वडिलांचं नाव सेव्हेरस आणि आईचं गेरोंशिया. वडिलांचं नाव रोमन, आईचं ग्रीक वळणाचं आणि मुलीचं केल्टिक नाहीतर जर्मानिक. त्या काळातला फ्रान्स असाच होता. वर रोमन सत्ता होती, खाली गॉलची जुनी माणसं होती आणि बाजूनं फ्रँक आत शिरत होते. एकाच घरात या सगळ्यांच्या खुणा सापडायच्या.

चित्रांमध्ये तिला बऱ्याचदा मेंढ्या राखणारी गरीब मुलगी दाखवतात. पण तिच्या मृत्यूनंतर साधारण अठरा वर्षांनी एका अनाम लेखकानं लिहिलेल्या लॅटिन चरित्रात मेंढ्या कुठेच नाहीत. उलट तिची स्वतःची शेतजमीन असल्याचा उल्लेख त्यात आहे. ती बऱ्यापैकी वजनदार घरातली असावी, असं आजचे इतिहासकार मानतात. ही गोष्ट पुढे महत्त्वाची ठरते.

४२९ साली ऑसेरचे बिशप जर्मानस ब्रिटनला जाताना नाँतेरला थांबले. गर्दीत त्यांची नजर या छोट्या मुलीवर गेली. चरित्रात लिहिलंय की त्यांनी जमिनीवर पडलेलं क्रूसाचं चिन्ह असलेलं तांब्याचं नाणं उचलून तिला दिलं आणि दागिन्यांऐवजी तेच गळ्यात घालायला सांगितलं.

आईला हे सगळं फारसं पसंत नव्हतं. एका सणाच्या दिवशी मुलगी चर्चला यायचा हट्ट धरून बसली तेव्हा आईनं तिला थोबाडीत मारली. चरित्रकार सांगतो की त्याच क्षणी आईची दृष्टी गेली आणि पुढे लेकीनं विहिरीतून आणलेल्या पाण्यानं ती परत आली. हा चमत्कार मानायचा की नाही, हे ज्याचं त्यानं ठरवावं. पण त्या घरात लेकीच्या निर्णयावरून भांडण झालं होतं, एवढं त्यातून नक्की कळतं.

पुढे तिनं आयुष्यभर लग्न न करण्याचं व्रत घेतलं. आईवडील गेल्यावर ती पॅरिसला आपल्या धर्ममातेकडे राहायला आली.

४५१ : अट्टिला येतोय

ते पॅरिस म्हणजे आजचं झगमगतं शहर नव्हे. रोमन साम्राज्य ढासळत होतं आणि असुरक्षिततेमुळे शहराचा जीव सीन नदीच्या मधल्या बेटावर आवळला गेला होता. त्या बेटाभोवती तटबंदी होती.

४५१ च्या वसंतात हूणांचा राजा अट्टिला ऱ्हाइन ओलांडून आला. एप्रिलमध्ये त्याच्या फौजेनं मेट्झ शहर जाळलं. ही बातमी पॅरिसला पोचली आणि लोकांनी सामान बांधायला घेतलं. पैसाअडका, बायकापोरं घेऊन दुसऱ्या सुरक्षित शहरात निघून जायचं, असं ठरत होतं.

तेव्हा जेनेव्हिएव्ह तिशीच्या आसपास होती. तिनं लोकांना थांबायला सांगितलं.

आधी तिनं बायकांना गोळा केलं. त्या तिच्यासोबत उपास आणि प्रार्थना करायला बसल्या. मग तिनं पुरुषांना समजावलं की सामान हलवू नका, तुम्ही ज्या शहरांना सुरक्षित समजताय तीच लुटली जातील आणि पॅरिस वाचेल.

पुरुष भडकले. ही खोटी भविष्यवाणी करते, आपल्याला मरायला इथे बसवते, असं म्हणत काही जण तिला दगडांनी मारायचं की नदीत बुडवायचं, यावर चर्चा करायला लागले.

तेवढ्यात ऑसेरहून एक मोठा धर्माधिकारी आला. लहानपणी तिला नाणं देणारे जर्मानस तोवर वारले होते, पण त्यांनी तिच्यासाठी आशीर्वाद म्हणून भेटवस्तू ठेवली होती. ती घेऊन तो आला होता. जर्मानस जिला एवढं मानायचे तिला मारायला निघालात का, असं त्यानं लोकांना सुनावलं. जमाव शांत झाला आणि लोक शहरातच थांबले.

अट्टिला पॅरिसला आलाच नाही. तो ऑर्लिन्सकडे वळला. जूनमध्ये रोमन सेनापती एशियस आणि व्हिसिगॉथ यांच्या एकत्रित फौजेशी कातालाउनच्या मैदानावर त्याची लढाई झाली आणि त्याला मागे फिरावं लागलं.

इतिहासकार याचं साधं कारण देतात. अट्टिलाला लुआर नदीचा घाट ताब्यात घ्यायचा होता आणि त्यासाठी ऑर्लिन्स हवं होतं. छोटं पॅरिस त्याच्या वाटेवर नव्हतं. पण जेनेव्हिएव्हचा सल्ला तरीही शहाणपणाचाच होता. तटबंदी सोडून बायकापोरांसह उघड्या रस्त्यावर पडलेले लोक कुणाच्याही तावडीत सापडले असते.

होड्या आणि भाकरी

पॅरिसचे हाल इथेच संपले नाहीत. पुढे फ्रँक लोकांनी शहराला वेढा घातला. तो दहा वर्षं चालला असं चरित्रात आहे. शहरात धान्य संपलं आणि लोक उपाशी मरू लागले.

या वेळी जेनेव्हिएव्ह फक्त प्रार्थना करत बसली नाही. ती स्वतः होड्या घेऊन सीन नदीतून वरच्या दिशेनं निघाली आणि आजच्या शँपेन भागातल्या आर्सी आणि त्र्वा या गावांपर्यंत गेली. तिथून तिनं अकरा होड्या भरून धान्य आणलं.

वाटपाचाही तिनं विचार केला होता. ज्यांना दळून भाजून खाणं शक्य होतं त्यांना धान्य दिलं आणि ज्यांच्यात तेवढीही ताकद उरली नव्हती त्यांना तयार भाकरी दिल्या. भट्टीवर काम करणाऱ्या मुलींना रोज भाकरी मोजताना कमी भरायच्या. नंतर कळलं की जेनेव्हिएव्हच त्या उचलून गुपचूप गरिबांना देत होती.

इथेच तिचं घर आणि तिचं वजन कामाला आलं असणार. वेढा पडलेला असताना होड्या जमवणं, माणसं जमवणं, दूरच्या गावातून धान्य मिळवणं ही कामं फक्त भक्तीवर होत नाहीत.

फ्रँकांचा राजा शिल्डेरिक ख्रिस्ती नव्हता, तरी तो तिला मानायचा. एक किस्सा सांगतात. त्याला काही कैद्यांना ठार करायचं होतं. ही बाई मध्ये पडून त्यांना सोडवेल म्हणून त्यानं शहराचे दरवाजे बंद करायला लावले. तरी ती पोचली आणि कैदी सुटले. शिल्डेरिकचा मुलगा क्लोव्हिस पुढे ख्रिस्ती झाला आणि त्यानं पॅरिसला राजधानी केलं. तोही तिच्या शब्दावर कैद्यांना सोडायचा.

ज्या फ्रँकांच्या वेढ्यात तिनं लोकांना जगवलं, त्याच फ्रँकांचे राजे तिचं ऐकू लागले. तिचं नाव गॉलचं की फ्रँकांचं, हा वाद आपण आज घालतो. तिच्या हयातीत दोन्हीकडच्या लोकांनी तिला आपलं मानलं.

सहाव्या शतकाच्या सुरुवातीला, ऐंशीहून जास्त वर्षं जगून ती गेली. ३ जानेवारी हा तिचा स्मृतिदिन. सीनच्या डाव्या काठावरच्या टेकडीवर तिला पुरलं. क्लोव्हिस आणि राणी क्लोटिल्ड यांनी तिथे मोठं चर्च बांधायला घेतलं आणि ५११ मध्ये क्लोव्हिसलाही तिथेच पुरलं गेलं. ती टेकडी आजही तिच्याच नावानं ओळखली जाते.

अस्थी जाळल्या, नाव उरलं

पुढची हजार वर्षं पॅरिसवर संकट आलं की लोक तिच्या अस्थींची पेटी घेऊन मिरवणूक काढायचे. पूर असो, दुष्काळ असो, साथ असो, पेटी बाहेर निघायची.

१७४४ साली राजा पंधरावा लुई मेट्झमध्ये खूप आजारी पडला. बरा झालो तर जेनेव्हिएव्हसाठी भव्य चर्च बांधीन, असा नवस त्यानं केला आणि तो बरा झाला. वास्तुविशारद सुफ्लो यानं काम हाती घेतलं. १७९० मध्ये इमारत पूर्ण झाली, पण तोवर फ्रेंच राज्यक्रांती झाली होती.

१७९१ मध्ये क्रांतिकारकांनी ठरवलं की इथे आता चर्च नको, देशातल्या थोर माणसांचं स्मारक करू. तेच आजचं पँथिऑन. व्होल्टेर, रुसो, व्हिक्टर ह्युगो, मेरी क्युरी ही सगळी मंडळी तिथे आहेत. जिच्या नवसाची ती इमारत, तिला मात्र तिथे जागा मिळाली नाही.

१७९३ मध्ये तर तिच्या अस्थी भर चौकात जाळल्या गेल्या आणि सोन्यारत्नांची पेटी वितळवली गेली. राख सीनमध्ये टाकली असं सांगतात. ज्या नदीतून तिनं उपाशी शहरासाठी धान्य आणलं, तीच ही नदी. तिच्या जुन्या थडग्याच्या दगडाचा तुकडा तेवढा उरला. तो शेजारच्या सेंत-एतिएन-द्यु-माँ चर्चमध्ये आहे.

नाव मात्र जळालं नाही. फ्रान्समधले आईबाप मुलींना ते ठेवत राहिले. १९२० साली जन्मलेल्या अशाच एका मुलीचं नाव होतं जेनेव्हिएव्ह द गॉल, म्हणजे जनरल द गॉल यांची पुतणी. नाझींनी फ्रान्स घेतल्यावर ती गुप्त प्रतिकार चळवळीत उतरली. १९४३ मध्ये पकडली गेली आणि तिची रवानगी राव्हेन्सब्रुकच्या छळछावणीत झाली. ती जिवंत परतली आणि पुढची कित्येक वर्षं तिनं फ्रान्समधल्या अतिगरीब लोकांसाठी काम केलं. २००२ साली ती गेली.

२०१५ मध्ये फ्रान्सनं तिला पँथिऑनमध्ये मानाची जागा दिली. शवपेटीत तिच्या कबरीवरची माती होती, कारण तिला मूळ जागेवरून हलवू नये अशी कुटुंबाची इच्छा होती.

जेनेव्हिएव्हसाठी बांधलेल्या त्या इमारतीत सव्वादोनशे वर्षांनी एक जेनेव्हिएव्ह आली. तीही शत्रू दारात असताना मागे न हटलेली आणि उपाशी माणसांसाठी झटलेली होती.