कार्प माशाचे स्वागत करणारा शास्त्रज्ञ

१८७७ च्या मे महिन्यात जर्मनीहून आणलेले ३४५ जिवंत मासे अमेरिकेतील बाल्टिमोर शहरात पोहोचले. तिथल्या ड्रुइड हिल उद्यानातील तळ्यांत त्यांना सोडण्यात आले. ते होते कार्प मासे. त्यांना आणवणारे गृहस्थ होते अमेरिकेच्या मत्स्य आयोगाचे पहिले आयुक्त, प्राध्यापक स्पेन्सर फुलर्टन बेअर्ड. प्राणिशास्त्रात त्या काळी अमेरिकेत त्यांच्या तोडीची माणसे मोजकीच होती. म्हणूनच त्यांच्या हातून जे घडले, ते समजून घेण्यासारखे आहे.

बेअर्ड यांचा जन्म ३ फेब्रुवारी १८२३ रोजी पेनसिल्व्हेनिया राज्यातील रेडिंग येथे झाला. वडील लवकर गेले आणि कुटुंब कार्लाइल गावी राहायला आले. थोरल्या भावाबरोबर रानोमाळ भटकून पक्षी गोळा करणे हा मुलाचा छंद होता. सतराव्या वर्षी ते पदवीधर झाले. वैद्यकीचे शिक्षण सुरू केले, पण त्यात मन रमले नाही. प्रसिद्ध पक्षीचित्रकार ऑड्युबन यांच्याशी या तरुणाचा स्नेह जुळला आणि ऑड्युबन यांनी एका नव्या चिमणीला त्याचे नाव दिले. १८५० मध्ये स्मिथसोनियन संस्थेत नेमणूक झाली, तेव्हा सत्तावीस वर्षांचे बेअर्ड स्वतःचा नमुन्यांचा संग्रह मालगाडीचे दोन डबे भरून वॉशिंग्टनला घेऊन गेले. पुढे सैन्यातील अधिकारी, भूमापक, प्रवासी यांच्याकडून देशभरातले प्राणी मागवून त्यांनी तिथले राष्ट्रीय संग्रहालय उभे केले. १८७८ मध्ये ते संस्थेचे प्रमुख झाले.

दरम्यान न्यू इंग्लंडच्या किनाऱ्यावर मासे कमी झाल्याची ओरड सुरू झाली होती. गळाने मासे धरणारे आणि मोठी जाळी लावणारे एकमेकांना दोष देत होते. चौकशीसाठी १८७१ मध्ये मत्स्य आयोग स्थापन झाला. बेअर्ड यांनी त्याचे आयुक्तपद वेतन न घेता सांभाळले. त्यांची भूमिका काळाच्या पुढची होती. मासा का घटला हे कळायचे, तर तो काय खातो, त्याला कोण खाते, पाण्याचे तापमान काय, तळाशी काय आहे, हे सगळे अभ्यासले पाहिजे, असे ते मानत. आज ज्याला आपण परिसंस्थेचा विचार म्हणतो, तो हाच. वुड्स होल येथील प्रसिद्ध सागरी संशोधन केंद्राची सुरुवात याच कामातून झाली.

समुद्राला लावलेली ही कसोटी त्यांनी कार्पला मात्र लावली नाही.

लोकसंख्या वाढत होती. नद्यांवर बांध पडले होते, पाण्यात कारखान्यांची घाण मिसळत होती आणि मूळचे मासे रोडावत होते. स्वस्त अन्न हवे होते. युरोपातून आलेल्या अनेक कुटुंबांना मायदेशी खाल्लेला कार्प हवा होता. बेअर्ड यांनी या माशाचे गुण मोजले. तो भराभर वाढतो, एक मादी लाखो अंडी घालते, कोमट आणि साचलेल्या पाण्यातही तो तगतो, मिळेल ते खातो आणि इतर माशांना त्रास देत नाही. यातला शेवटचा गुण सोडला, तर बाकीचे सगळे खरेच होते.

काही हौशी लोकांनी त्याआधीही थोडे कार्प आणले होते. देशभर प्रसार झाला तो मात्र सरकारी योजनेमुळे. वॉशिंग्टनमध्ये तळी राखून पैदास सुरू झाली. संसद सदस्य आपापल्या मतदारांसाठी बोटुकली मागू लागले आणि रेल्वेने ती गावोगावी रवाना होऊ लागली. एकट्या १८८३ मध्ये सुमारे २ लाख ६० हजार मासे वाटले गेले. शेततळी पुरात फुटली, मासे ओढ्यांत आणि तिथून नद्यांत गेले.

मग परिणाम दिसू लागले. कार्प तळाचा गाळ तोंडाने उकरून त्यातले किडे आणि बिया शोधतो. त्यामुळे पाणवनस्पती मुळासकट उपटल्या जातात. गाळ पाण्यात मिसळतो, सूर्यप्रकाश तळापर्यंत पोहोचत नाही आणि उरलेल्या वनस्पतीही मरतात. गाळात अडकलेले फॉस्फरस वर येऊन शेवाळ माजते. ज्या वनस्पतींच्या आडोशाला स्थानिक माशांची पिल्ले वाढत आणि ज्या खाऊन रानबदके जगत, त्याच नाहीशा होतात. कार्प दुसऱ्या माशाला शिकारी माशासारखा गिळत सुटत नाही. तो त्याचे घर मोडतो. शिवाय गढूळ पाण्यात वाढलेल्या कार्पला चिखलाचा वास येई. त्यामुळे ज्याच्यासाठी तो आणला, त्या जेवणाच्या ताटातही त्याला फारशी जागा मिळाली नाही.

१९ ऑगस्ट १८८७ रोजी वुड्स होल येथेच बेअर्ड यांचे निधन झाले. कार्पवरचा राग उसळलेला पाहण्याची वेळ त्यांच्यावर आली नाही. त्यानंतर दहाएक वर्षांत सरकारने वाटप थांबवले, पण तोवर मासा परत बोलावण्यापलीकडे गेला होता.

पुढच्या पिढ्या यातून शिकल्या का? १९६० आणि १९७० च्या दशकांत तळ्यांतले तण आणि शेवाळ आवरण्यासाठी अमेरिकेत आशियातून गवत्या कार्प, चंदेरी कार्प आणि मोठ्या डोक्याचा कार्प आणले गेले. तेही निसटून मिसिसिपीच्या खोऱ्यात पसरले. यातले शेवटचे दोन पाण्यातले सूक्ष्म प्लवक खातात. स्थानिक माशांच्या पिल्लांचा पहिला घासही तोच असतो. ते पंचमहासरोवरांत शिरू नयेत म्हणून शिकागोजवळच्या कालव्यात विजेचे अडथळे उभारावे लागले आहेत.

बेअर्ड यांचा तो कार्प आपल्यालाही अनोळखी नाही. भारतात तो १९३९ मध्ये निलगिरीत आणि पुन्हा १९५७ मध्ये बँकॉकहून कटकला आणला गेला. महाराष्ट्रातील मत्स्यशेतकरी त्याला सायप्रिनस म्हणून ओळखतात. बंदिस्त तळ्यात तो उत्पन्न देतो. प्रश्न बांध फुटल्यावरचा आहे. त्यामुळे शेततळ्याच्या सांडव्याला जाळी लावणे आणि घरच्या काचपेटीतले नकोसे मासे नदीत न सोडणे, एवढे तरी आपल्या हातात आहे. बेअर्ड यांच्यापाशी ज्ञान होते, हेतूही चांगला होता. मासा माणसाला काय देईल हे त्यांनी तपासले. तो पाण्याचे काय करील, हे तपासायचे राहून गेले.