कुमारी कॅरोलीन हर्शल

आपल्या मराठी पंचांगांत रवि, चंद्र, मंगळ, बुध या जुन्या परिचितांच्या ओळीत ‘हर्शल’ असे एक परके नाव आढळते. हा युरेनस ग्रह होय. इ.स. १७८१ मध्ये ज्याने तो शोधून काढला त्या विल्यम हर्शल नामक ज्योतिर्विदाचे नाव त्या ग्रहास पडले व ते आपल्याकडे टिकून राहिले. परंतु या नावावर हक्क सांगणारे त्या घरात आणखी एक माणूस होते. ती म्हणजे विल्यमची धाकटी बहीण कॅरोलीन. पंचांगात तिला जागा मिळाली नाही. पण आकाशात तिने स्वतःच्या श्रमाने जागा मिळविली. तिचे चरित्र आम्ही आज आमच्या विद्यार्थ्यांपुढे, आणि विशेषेकरून त्यांच्या आईबापांपुढे ठेवीत आहो.

कॅरोलीनचा जन्म जर्मनीतील हॅनोव्हर शहरी ता. १६ मार्च १७५० रोजी झाला. पिता इझाक हर्शल हा तेथील पलटणीच्या बँडात वादक होता. घरची स्थिती बेताची आणि लेकुरवाळा संसार. इझाक स्वतः फारसा शिकलेला नव्हता, परंतु त्यास विद्येची मोठी गोडी. मुलांना त्याने संगीत शिकविले, आणि रात्री जेवणे आटोपल्यावर घरात गणित व तत्त्वज्ञान यांवर वाद रंगत. कॅरोलीन अंथरुणात पडून डोळे मिटू न देता ते ऐकत राही. एकदा थंडीच्या स्वच्छ रात्री पित्याने तिला रस्त्यावर नेऊन काही ठळक नक्षत्रे व त्या वेळी दिसत असलेला एक धूमकेतू दाखविला. पुढे जिने आठ धूमकेतू पाहिले, तिचा हा पहिला धडा होता.

परंतु आई अ‍ॅना हिचे मत निराळे होते. तिला स्वतःला लिहिता येत नव्हते. थोरले मुलगे शिकले आणि शिकले म्हणूनच घर सोडून परमुलखी गेले, हे तिच्या मनाने घेतले होते. मुलींना वाचणे-लिहिणे आले की पुरे, पुढे शिवण, विणकाम, धुणी आणि स्वयंपाक, हा तिचा नियम. भाऊ फ्रेंच शिकत; कॅरोलीनला ती भाषा शिकण्याची मनाई. बाप तिला सारंगी शिकवी, तोही आई बाहेर गेली असता किंवा तिची मर्जी खुशीत असता! तशात लहानपणी देवी येऊन तिचा चेहरा विद्रूप झालेला, आणि दहाव्या वर्षी विषमज्वरासारख्या दुखण्याने तिची वाढ खुंटली ती कायमची. तिची उंची सव्वाचार फुटांच्या पलीकडे गेली नाही. बापाने तिला प्रेमाने पण स्पष्टपणे बजावून ठेवले होते की, रूप नाही व हुंडा नाही, तेव्हा लग्नाची आशा फारशी धरू नये. इ.स. १७६७ मध्ये बाप निवर्तला, आणि सतरा वर्षांची ही मुलगी घरची बिनपगारी मोलकरीण होऊन राहिली. तरी तिने धीर सोडला नाही. कलाकुसरीचे शिवणकाम आले तर कोठे नोकरी मिळेल, म्हणून घर जागे होण्यापूर्वी पहाटे ती एका शेजारणीकडून ते शिकत असे.

तिची सुटका थोरल्या भावाने केली. विल्यम हा इंग्लंडात जाऊन बाथ शहरी प्रार्थनामंदिरात ऑर्गन वाजवीत असे व संगीताच्या शिकवण्या करी. बहिणीचा आवाज चांगला आहे, तिला गायिका करावे, असे त्याने ठरविले. दुसरा एक भाऊ या बेताची थट्टा करी. कॅरोलीनने वाद घातला नाही. घरात कोणी नसता दातांमध्ये बोळा धरून ती सारंगीवरचे कठीण सूर गळ्यातून काढण्याचा अभ्यास करी. शिवाय आपण गेल्यावर आईची व भावाची अडचण होऊ नये म्हणून तिने दोन वर्षे पुरतील इतके पायमोजे विणून ठेवले. अखेर १७७२ च्या ऑगस्टात विल्यम तिला नेण्यास आला, आणि तिच्या जागी मोलकरीण ठेवण्यासाठी आईस वार्षिक रक्कम बांधून दिल्यावरच तिला निघता आले. एका मुलीच्या मुक्ततेची ही किंमत आईबापांनी नीट ध्यानात घ्यावी. मोलकरणीचा पगार, एवढीच ती होती.

बाथ येथे बावीस वर्षांच्या कॅरोलीनने नव्याने शाळा सुरू केली. न्याहारीच्या वेळी भाऊ तिला इंग्रजी व हिशेब शिकवी. दिवसातून दोनतीनदा गाण्याची तालीम होई. काही वर्षांत हँडेलच्या ‘मसाया’सारख्या पवित्र संगीतरचनांत ती मुख्य गायिका म्हणून उभी राहू लागली. १७७८ मध्ये बर्मिंगहॅमच्या उत्सवात गाण्याचे तिला निमंत्रण आले. परंतु जेथे भाऊ वाद्यवृंदाचा नायक नाही तेथे गावयाचे नाही असे म्हणून तिने ते नाकारले.

इकडे विल्यमला तारकांचे वेड लागले होते. विकतच्या दुर्बिणी महाग, म्हणून तो स्वतःच दुर्बिणी बनवू लागला. घराचा कारखाना झाला. त्या काळी दुर्बिणीचे आरसे धातूचे ओतीत. त्यांच्या साच्यासाठी घोड्याची लीद कुटून बारीक चाळावी लागे. ते काम पुष्कळदा कॅरोलीनकडे असे. एकदा आरशास झिलई देताना विल्यमने सोळा तास हात उचलला नाही. तेव्हा बहिणीने घास त्याच्या तोंडात घालून त्याला जेवविले. १७८१ मध्ये युरेनसचा शोध लागला, राजा तिसरा जॉर्ज याने विल्यमला सालिना दोनशे पौंडांची नेमणूक करून दिली, आणि १७८२ मध्ये भावंडे विंडसरजवळ डॅचेट या खेडेगावी राहावयास गेली. त्याबरोबर कॅरोलीनचे गाणे संपले. दहा वर्षांच्या मेहनतीने कमावलेली विद्या तिने मुकाट्याने बाजूस ठेवली. तिला कोणी विचारले होते असे दिसत नाही. भावाचे उपकार थोर होते, परंतु उपकाराचीही बेडी होऊ शकते, हे सांगितल्यावाचून हे चरित्र खरे होणार नाही.

भावाने तिच्या हाती एक लहान दुर्बीण देऊन आकाश झाडून काढण्यास सांगितले. झाडून काढणे हा ज्योतिर्विदांचा शब्द आहे. केरसुणी जशी जमिनीवरून पट्ट्यापट्ट्याने फिरते, तशी दुर्बीण आकाशाच्या एकेका पट्ट्यावरून फिरवावयाची आणि नवे काही दिसते की काय ते पाहावयाचे. ज्या हातांना आईने केवळ घर झाडावयास शिकविले होते, ते आता नभोमंडल झाडू लागले. १७८३ मध्ये तिने काही नवे तेजोमेघ शोधून काढले. त्यांपैकी एक ही आपल्या आकाशगंगेसारखी दूरची दीर्घिका आहे हे आज आपणांस ठाऊक आहे.

परंतु बहुतेक रात्री तिला स्वतःची दुर्बीण सोडून भावाच्या कामी बसावे लागे. विल्यम वीस फुटी दुर्बिणीच्या मचाणावर; खाली खिडकीशी कॅरोलीन, पुढ्यात घड्याळ, तारकांची यादी, दिवा आणि वही. तो वरून सांगे, ती वेळ पाहून टिपून घेई. दिवसा त्या टिपणांची गणिते करून स्वच्छ नकला काढावयाच्या. हिवाळ्यात कधी कधी दौतीतील शाई गोठून जाई. या पद्धतीने उभयतांनी सुमारे अडीच हजार तेजोमेघ व तारकापुंज नोंदविले. सांगतात की, पाढे तिला कधीच पाठ झाले नाहीत. त्यांचा कागद ती जवळ बाळगी. तरीही हजारो स्थानांची गणिते तिने केली. पाढ्यांना भिणाऱ्या आमच्या विद्यार्थ्यांनी हे वाक्य दोनदा वाचावे. मात्र पाढे पाठ न करण्यास ही सबब म्हणून आमच्यापुढे आणू नये!

१७८३ च्या शेवटच्या रात्री दहाच्या सुमारास आभाळ किंचित उघडले. जमिनीवर फूटभर वितळते बर्फ होते. भावाने घाई करण्यास सांगितले, म्हणून कॅरोलीन अंधारात धावली आणि दुर्बिणीच्या यंत्राचा लोखंडी आकडा तिच्या उजव्या मांडीत शिरला. तिला सोडविताना मांसाचा तुकडा आकड्यालाच राहिला. अशी जखम शिपायास झाली असती तर त्याला सहा आठवडे इस्पितळात ठेवले असते, असे मागाहून डॉक्टरांचे म्हणणे पडले. तिला समाधान एवढेच की, ती रात्र पुढे ढगाळच निघाली, त्यामुळे भावाच्या कामाचे नुकसान झाले नाही.

१७८६ मध्ये बिऱ्हाड स्लाव येथे गेले. त्या वर्षी ऑगस्टच्या पहिल्या तारखेस विल्यम परदेशी असता कॅरोलीनला एक अंधुक ठिपका दिसला. दुसऱ्या रात्री तो जागेवरून हललेला आढळला. अर्थात तो धूमकेतू होता. तिने विलंब न लावता रॉयल सोसायटीच्या चिटणिसांस पत्र लिहिले, आणि तो शोध तिच्याच नावाने प्रसिद्ध झाला. ही गोष्ट लहान नव्हे. यापूर्वी १७०२ मध्ये बर्लिन येथे मारिया किर्ख या विदुषीनेही एक धूमकेतू शोधला होता. परंतु तो जाहीर झाला तिच्या पतीच्या नावे, आणि १७१० मध्ये पती वारल्यावर तिने तेथील विज्ञानसंस्थेत ज्योतिषाचे काम मागितले असता तिला नकार मिळाला. विद्वत्ता दोघींपाशीही होती. फरक एवढाच की, कॅरोलीनच्या पत्राखाली सही तिची स्वतःची होती.

पुढच्या वर्षी राजाने भावाची साहाय्यक म्हणून तिला सालिना पन्नास पौंड वेतन नेमून दिले. शास्त्रीय कामाबद्दल पगार मिळालेली इंग्लंडातील ही पहिली स्त्री समजली जाते. पहिल्या तिमाहीचे साडेबारा पौंड हाती आले तेव्हा तिचे वय सदतीस होते. आणि आपल्या मर्जीने खर्च करण्यासारखा पैसा तिला जन्मात प्रथमच मिळाला होता.

१७८८ मध्ये विल्यमने विवाह केला. सोळा वर्षे जे घर तिने चालविले, ते दुसरीच्या स्वाधीन करून कॅरोलीनबाई वेगळ्या बिऱ्हाडी राहू लागल्या. त्यांच्या मनास काय वाटले ते जगास कळू नये, म्हणून त्या वर्षांच्या रोजनिश्या त्यांनी पुढे स्वतःच नष्ट केल्या. परंतु त्यांनी काम सोडले नाही. भावजयीशीही कालांतराने सख्य झाले. १७९७ पर्यंत त्यांनी एकूण आठ धूमकेतू पाहिले. आठव्याच्या वेळी तर तासभर झोप घेऊन त्यांनी घोड्यावर स्वार होऊन थेट ग्रीनिच गाठले आणि राजज्योतिषी मॅस्केलाइन यांस वर्दी दिली. १७९८ मध्ये रॉयल सोसायटीने त्यांचा ग्रंथ छापला. फ्लॅमस्टीडच्या प्रसिद्ध तारकासूचीतील चुका त्यात दुरुस्त केल्या होत्या, आणि सूचीत राहून गेलेल्या साडेपाचशेहून अधिक ताऱ्यांची भर घातली होती.

१८२२ मध्ये विल्यमच्या निधनानंतर त्या हॅनोव्हरला परतल्या. वयाची सत्तरी उलटली होती. पण भाच्यासाठी, म्हणजे विल्यमचा पुत्र जॉन याच्यासाठी, त्यांनी ते अडीच हजार तेजोमेघ नव्या क्रमाने लावून एक सूची सिद्ध केली. या कार्याबद्दल १८२८ मध्ये लंडनच्या रॉयल अ‍ॅस्ट्रॉनॉमिकल सोसायटीने त्यांस सुवर्णपदक दिले. ते पदक पुन्हा एका स्त्रीस, व्हेरा रुबिन यांस, मिळाले ते १९९६ साली! १८३५ मध्ये त्यांना व मेरी सॉमरव्हिल यांना त्या संस्थेने सन्माननीय सभासद केले. सन्माननीय अशासाठी की, स्त्रियांना खरे सभासदत्व देण्याची तेथे सोय नव्हती. ती १९१६ मध्ये झाली. रॉयल सोसायटीने तर १९४५ पर्यंत स्त्रियांस फेलो करून घेतले नाही. १८४६ मध्ये प्रशियाच्या राजानेही त्यांस सुवर्णपदक पाठविले. ता. ९ जानेवारी १८४८ रोजी सत्त्याण्णवाव्या वर्षी त्यांनी प्रभूच्या ठायी विसावा घेतला. त्यांच्या इच्छेप्रमाणे भावाच्या केसांची बट व बापाच्या वापरातील एक जुने पंचांग त्यांच्याबरोबर पुरण्यात आले.

कॅरोलीनबाई स्वतःस नेहमी कमी लेखीत. आपण भावाच्या हातातील हत्यार मात्र आहो असे म्हणत. नम्रता हा ख्रिस्ती सद्गुण खराच. परंतु ज्या मुलीला बालपणापासून तू काही नव्हेस असे शिकविले जाते, तिचे बोलणे नम्रतेचे की त्या शिकवणीचे, याचा विचार आपण करावा. हत्याराला आठ धूमकेतू दिसत नसतात.

आईबापांस आमची एवढीच विनंती आहे. अ‍ॅना हर्शल ही दुष्ट बाई नव्हती. घर चालावे, लेकरे जवळ राहावी, एवढीच तिची इच्छा. अशा भल्या आया आम्ही आमच्या शाळेच्या दाराशीही पाहिल्या आहेत. धाकट्यास सांभाळावयास कोणी नाही, म्हणून त्या मुलीचे नाव काढावयास येतात आणि मुलगी मागे मान खाली घालून उभी असते. त्या वेळी त्यांनी हॅनोव्हरच्या त्या घराची आठवण करावी. चोरून सारंगी शिकविणारा बाप नसता आणि मोलकरणीचा पगार भरणारा भाऊ नसता, तर त्या घरातून जगाला पायमोजेच काय ते मिळाले असते. आणि मुलगेहो, तुमच्याही घरी बहिणी आहेत. प्रभूच्या दाखल्यातील त्या चाकराने आपल्या वाट्याचे द्रव्य जमिनीत पुरले, म्हणून धन्याने त्याला दोष दिला. दुसऱ्याच्या वाट्याचे जो पुरून ठेवतो, त्याचा जबाब अधिक कठीण असणार, असे आम्हांस वाटते.