ख्रिस्ती घरातला श्यामसुंदर : शाहू मोडक



बिरकत अल अवामेरच्या गोदामांची संगणक यंत्रणा सांभाळणारे आम्ही चार-पाच मराठी अभियंते. शुक्रवारी सुट्टी, त्यामुळे कोणाच्या तरी घरी जमून मुलांना जुना मराठी चित्रपट दाखवतो. मागच्या शुक्रवारी ‘संत ज्ञानेश्वर’ लावला. ज्ञानेश्वर झालेले शाहू मोडक ख्रिस्ती होते, असे कळल्यावर एका चिमुरडीने विचारले, मग त्यांना ज्ञानेश्वर कसे होऊ दिले? उत्तर द्यायला त्यांची गोष्टच सांगावी लागली.

शाहू मोडक २५ एप्रिल १९१८ रोजी अहमदनगरला (आताचे अहिल्यानगर) एका मराठी ख्रिस्ती कुटुंबात जन्मले. बोलपट आले तेव्हा पार्श्वगायनाची सोय नव्हती. नटाला कॅमेऱ्यासमोर स्वतःच गावे लागे. म्हणजे देखणा चेहरा आणि गोड गळा दोन्ही हवेत! १९३२ साली भालजी पेंढारकरांच्या ‘श्यामसुंदर’मध्ये हा चौदा वर्षांचा मुलगा कृष्ण झाला, राधा होती शांता आपटे. मुंबईच्या वेस्ट एन्ड थिएटरात हा चित्रपट पंचवीस आठवड्यांवर चालला. रौप्यमहोत्सव म्हणजे काय, हे मराठी बोलपटाला तेव्हा कळले.

पुढच्याच वर्षी ‘औट घटकेचा राजा’मध्ये त्यांनी दुहेरी भूमिका केली.

बालनटांचे पुढे काय होते, हे आपण जाणतोच. वय वाढते, आवाज फुटतो आणि लोक विसरतात. शाहूरावांचे तसे झाले नाही. १९३९ साली प्रभातच्या ‘माणूस’मध्ये ते पोलीस शिपाई गणपत झाले. देवाच्या मुकुटाशिवायही आपण उभे राहू शकतो, हे त्यांनी दाखवून दिले. १९४० साली दामले-फत्तेलाल यांच्या ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये ते ज्ञानेश्वर झाले. यातल्या लहानग्या ज्ञानेश्वराच्या भूमिकेत मात्र दुसराच बालनट होता, यशवंत. कालचा बालनट आता मोठा झाला होता!

कृष्ण मात्र त्यांना सुटला नाही. पंचवीसहून अधिक वेळा त्यांनी ती भूमिका केली. उत्तरायुष्यात ते ज्योतिषाच्या अभ्यासात रमले. ११ मे १९९३ रोजी त्यांचे निधन झाले.

चिमुरडीला आम्ही एवढेच सांगितले, की त्यांना कोणी होऊ दिले नाही, ते झाले आणि महाराष्ट्राने त्यांना आपले मानले. परक्या मुलखात राहणाऱ्या आपल्यालाही हे लक्षात ठेवण्याजोगे आहे, नाही का?

येत्या शुक्रवारी ‘माणूस’ लावणार आहोत. मुलांना घेऊन जरूर या!