डग हार्वी

डग्लस नॉर्मन हार्वी (१९ डिसेंबर, १९२४ - २६ डिसेंबर, १९८९) हे कॅनडाचे व्यावसायिक आइस हॉकी खेळाडू होते. बचावपटू म्हणून त्यांनी १९४७ ते १९६१ या काळात माँत्रियाल कॅनेडियन्स संघाचे आणि त्यानंतर नॅशनल हॉकी लीगमधील अन्य संघांचे प्रतिनिधित्व केले. त्यांच्या कारकिर्दीत कॅनेडियन्सने सहा वेळा स्टॅनली कप जिंकला. लीगमधील सर्वोत्कृष्ट बचावपटूस दिला जाणारा जेम्स नॉरिस करंडक त्यांना सात वेळा मिळाला. १९५७ साली स्थापन झालेल्या खेळाडूंच्या पहिल्या संघटनेचे ते एक प्रमुख संस्थापक होते.

सुरुवातीचे जीवन

हार्वी यांचा जन्म कॅनडाच्या क्वेबेक प्रांतातील माँत्रियाल शहरात झाला. शहराच्या पश्चिमेकडील नोत्र-दाम-द-ग्रास या वस्तीत त्यांचे बालपण गेले. आइस हॉकीबरोबरच बेसबॉल आणि फुटबॉलच्या कॅनडातील प्रकारातही ते प्रवीण होते. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ते कॅनडाच्या नौदलात दाखल झाले. नौदलात असताना त्यांनी मुष्टियुद्धातही नाव मिळवले.

युद्धानंतर ते हिवाळ्यात माँत्रियाल रॉयल्स या संघाकडून आइस हॉकी खेळत. या संघाने १९४७ साली ॲलन कप जिंकला. उन्हाळ्यात ते ओटावा येथील संघाकडून बॉर्डर लीगमध्ये बेसबॉल खेळत. १९४९ साली त्या लीगमधील सर्वोच्च फलंदाजी सरासरी त्यांची होती. बेसबॉलमध्येही पुढे जाण्याची संधी असताना त्यांनी आइस हॉकी हाच आपला व्यवसाय ठरवला.

खेळण्याची पद्धत

आइस हॉकीमध्ये प्रत्येक संघाचे सहा खेळाडू एका वेळी बर्फाच्या मैदानावर असतात. त्यांत एक गोलरक्षक, दोन बचावपटू आणि तीन आघाडीचे खेळाडू असतात. चेंडूऐवजी रबराची एक जाड चकती वापरली जाते. तिला पक म्हणतात. हार्वी यांच्या आधीच्या काळात बचावपटूचे काम मुख्यतः प्रतिस्पर्ध्याला अडवणे आणि पक आपल्या गोलपासून दूर भिरकावणे एवढेच मानले जाई. पक ताब्यात घेऊन पुढे धावणारे बचावपटू त्यापूर्वीही होऊन गेले होते, परंतु ते अपवाद होते.

हार्वी यांनी या कामाला वेगळे वळण दिले. पक हाती येताच ते तो दूर फेकत नसत. स्वतःच्या गोलसमोरसुद्धा ते तो शांतपणे आपल्या काठीवर धरून ठेवत, प्रतिस्पर्धी जवळ येईपर्यंत थांबत आणि मोकळ्या झालेल्या सहकाऱ्याकडे अचूक पोहोचवत. आपला संघ दमलेला असेल तर ते खेळ संथ करीत आणि प्रतिस्पर्धी विस्कळीत असतील तर तोच खेळ एकदम वेगवान करीत. सामन्याची लय बचावफळीतून ठरवता येते, हे त्यांनी दाखवून दिले. सुरुवातीच्या हंगामांत त्यांच्या या संथपणाला प्रेक्षकांनी आणि संघाच्या व्यवस्थापनाने निष्काळजीपणा समजून नावे ठेवली. संघ जिंकू लागल्यावर ही टीका मावळली.

माँत्रियाल कॅनेडियन्स

१९४७-४८ च्या हंगामात हार्वी कॅनेडियन्स संघात आले. त्याच हंगामातील काही सामने ते बफेलो येथील दुय्यम संघाकडून खेळले. १९५३ साली त्यांना पहिला स्टॅनली कप मिळाला.

पुढच्याच वर्षी त्यांच्या वाट्याला कारकिर्दीतील सर्वांत कटू प्रसंग आला. १६ एप्रिल, १९५४ रोजी डेट्रॉईट रेड विंग्जविरुद्धच्या अंतिम फेरीचा सातवा आणि निर्णायक सामना अतिरिक्त वेळेत गेला. डेट्रॉईटच्या टोनी लेस्विक यांनी मारलेला पक अडवण्यासाठी हार्वी यांनी हात वर केला. पक त्यांच्या हातमोज्याला लागून दिशा बदलून गेला आणि गोलरक्षक जेरी मॅकनील यांना चकवून जाळ्यात शिरला. डेट्रॉईटने सामना २-१ असा जिंकला.

१९५५ साली टो ब्लेक संघाचे प्रशिक्षक झाले. त्यानंतर १९५६ ते १९६० अशी सलग पाच वर्षे कॅनेडियन्सने स्टॅनली कप जिंकला. मोरिस रिशार, जाँ बेलिव्हो, बर्नार्ड जेफ्रियों, डिकी मूर आणि गोलरक्षक जाक प्लाँत हे या संघातील अन्य नामवंत खेळाडू होते. गोल करण्याचे श्रेय मुख्यतः आघाडीच्या खेळाडूंना मिळे, परंतु त्यांच्यापर्यंत पक पोहोचवणारा खेळाडू बहुतेक वेळा हार्वी असत. १९५६-५७ च्या हंगामात त्यांनी स्वतः केवळ ६ गोल केले, तर ४४ गोलांना साहाय्य केले.

या संघाच्या सामर्थ्यामुळे खेळाचा एक नियमही बदलला. त्या काळी छोट्या नियमभंगासाठी खेळाडूला दोन मिनिटे मैदानाबाहेर बसावे लागे आणि त्या काळात कितीही गोल झाले तरी त्याला लवकर परतता येत नसे. संख्येने कमी झालेल्या प्रतिस्पर्ध्यावर कॅनेडियन्स या दोन मिनिटांत एकाहून अधिक गोल करू लागले. ५ नोव्हेंबर, १९५५ रोजी बॉस्टन ब्रुइन्सविरुद्ध बेलिव्हो यांनी अशाच स्थितीत ४४ सेकंदांत तीन गोल केले. १९५६-५७ पासून नियम बदलण्यात आला आणि एक गोल होताच शिक्षा झालेल्या खेळाडूस मैदानावर परतण्याची मुभा मिळाली.

नॉरिस करंडक १९५४ साली प्रथम देण्यात आला. हार्वी यांना तो १९५५ ते १९५८ आणि १९६० ते १९६२ या वर्षी मिळाला. मधल्या १९५९ साली तो त्यांचेच सहकारी टॉम जॉन्सन यांना मिळाला. १९६० साली मोरिस रिशार निवृत्त झाल्यावर हार्वी यांची कर्णधारपदी निवड झाली.

खेळाडूंची संघटना

त्या काळी लीगमध्ये केवळ सहा संघ होते. सर्व संघांचे मिळून सव्वाशेच्या आसपास खेळाडू असत. खेळाडूचे हक्क संघमालकाकडे असल्याने त्याला स्वेच्छेने दुसऱ्या संघात जाता येत नसे. मालकाची नाराजी ओढवली तर दुय्यम लीगमध्ये पाठवणी होण्याची भीती असे. १९४७ साली सुरू झालेल्या निवृत्तिवेतन निधीत प्रत्येक खेळाडू दरवर्षी ९०० डॉलर भरत असे. मात्र या निधीचा संपूर्ण हिशेब खेळाडूंना पाहायला मिळत नव्हता.

हार्वी आणि डेट्रॉईटचे टेड लिंडसे हे दोघे या निधीच्या कामाशी संबंधित होते. मैदानावर ते कट्टर प्रतिस्पर्धी होते आणि वेगवेगळ्या संघांतील खेळाडूंनी एकमेकांशी बोलू नये, असा त्या काळचा संकेत होता. तो बाजूला ठेवून दोघांनी अन्य संघांतील खेळाडूंशी संपर्क साधला. फेब्रुवारी १९५७ मध्ये न्यूयॉर्क येथे खेळाडूंच्या संघटनेची घोषणा झाली. लिंडसे तिचे अध्यक्ष होते. लीगमधील जवळजवळ सर्व खेळाडू तिचे सभासद झाले. निधीचा हिशेब मिळावा, किमान वेतन ठरावे आणि दूरचित्रवाणीपासून मिळणाऱ्या उत्पन्नात खेळाडूंचा विचार व्हावा, हे संघटनेचे प्रमुख मुद्दे होते.

मालकांनी संघटनेला मान्यता दिली नाही. त्या हंगामात लीगमध्ये सर्वाधिक गोलसाहाय्य करणाऱ्या लिंडसे यांना डेट्रॉईटने त्याच उन्हाळ्यात शिकागो संघाकडे पाठवले. टोराँटोचे प्रतिनिधी जिम थॉमसन यांचीही शिकागोला रवानगी झाली. शिकागो हा त्या वेळी लीगमधील सर्वांत दुबळा संघ समजला जाई. नोव्हेंबर १९५७ मध्ये डेट्रॉईटच्या खेळाडूंनी संघटनेतून माघार घेतली. फेब्रुवारी १९५८ मध्ये न्यायालयाबाहेर तडजोड झाली. किमान वार्षिक वेतन ७,००० डॉलर ठरले आणि निवृत्तिवेतनातील मालकांचा वाटा वाढला, परंतु संघटना संपुष्टात आली. हार्वी यांना मात्र लगेच हलवण्यात आले नाही, कारण त्यांच्याशिवाय संघ उभा करणे कॅनेडियन्सला त्या वेळी परवडणारे नव्हते.

न्यूयॉर्क आणि नंतरची कारकीर्द

१९६१ साली हार्वी यांना सहावा नॉरिस करंडक मिळाला. त्याच वर्षी जून महिन्यात कॅनेडियन्सने लू फाँटिनाटो यांच्या बदल्यात आपल्या कर्णधाराला न्यूयॉर्क रेंजर्सकडे सोपवले. हार्वी यांचे वय आणि त्यांना देऊ केलेले प्रशिक्षकपद ही या बदलाची उघड कारणे होती. संघटनेतील सहभागाची ही उशिरा झालेली शिक्षा होती, असे अनेक खेळाडूंचे व अभ्यासकांचे मत आहे.

न्यूयॉर्कमध्ये हार्वी खेळाडू आणि प्रशिक्षक अशा दुहेरी भूमिकेत होते. पहिल्याच हंगामात रेंजर्स चार वर्षांनी बाद फेरीत पोहोचले आणि हार्वी यांना सातवा नॉरिस करंडक मिळाला. सहकाऱ्यांपासून अंतर ठेवून वागणे त्यांच्या स्वभावात नसल्याने एका हंगामानंतर त्यांनी प्रशिक्षकपद सोडले. १९६३-६४ च्या हंगामात रेंजर्सबरोबरचा त्यांचा काळ संपला.

त्यानंतरची काही वर्षे ते क्वेबेक, बाल्टिमोर, पिट्सबर्ग आणि कॅन्सस सिटी येथील दुय्यम संघांकडून खेळत राहिले. १९६६-६७ मध्ये त्यांनी डेट्रॉईटकडून दोन सामने खेळले. १९६८ साली नव्याने स्थापन झालेल्या सेंट लुईस ब्लूजने त्यांना बाद फेरीसाठी बोलावले. हा संघ अंतिम फेरीत पोहोचला आणि तेथे त्याची गाठ कॅनेडियन्सशीच पडली. सेंट लुईसचा ४-० असा पराभव झाला. १९६८-६९ चा संपूर्ण हंगाम खेळून वयाच्या ४४ व्या वर्षी हार्वी निवृत्त झाले. नॅशनल हॉकी लीगच्या १,११३ नियमित सामन्यांत त्यांनी ८८ गोल केले आणि ४५२ गोलांना साहाय्य केले.

उत्तरायुष्य

निवृत्तीनंतर त्यांनी लॉस एंजेलस किंग्ज आणि ह्यूस्टन एरोज या संघांसाठी काम केले. दीर्घकाळच्या मद्यपानाने त्यांचे आरोग्य आणि आर्थिक स्थिती ढासळत गेली. त्यांना द्विध्रुवी मनोविकार असल्याचे निदान पुढे झाले. १९७३ साली हॉकी हॉल ऑफ फेममध्ये त्यांचा समावेश करण्यात आला, परंतु ते समारंभाला गेले नाहीत. मद्यपानाचे कारण देऊन हा सन्मान आधी लांबवण्यात आला, याचा त्यांना राग होता. काही काळ ते ओटावा परिसरातील घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर उभ्या असलेल्या एका रेल्वेच्या डब्यात राहत होते.

२६ ऑक्टोबर, १९८५ रोजी कॅनेडियन्सने त्यांचा २ हा क्रमांक निवृत्त केला आणि नवे खेळाडू हेरण्याचे काम त्यांच्याकडे सोपवले. संघ सोडल्याला तोवर चोवीस वर्षे झाली होती. २६ डिसेंबर, १९८९ रोजी, वयाची ६५ वर्षे पूर्ण झाल्यानंतर एका आठवड्याने, यकृताच्या विकाराने माँत्रियाल येथे त्यांचे निधन झाले.

वारसा

१९९८ साली द हॉकी न्यूज या नियतकालिकाने प्रसिद्ध केलेल्या शंभर श्रेष्ठ खेळाडूंच्या यादीत हार्वी सहाव्या स्थानी होते. बचावपटूंपैकी केवळ बॉबी ऑर त्यांच्या पुढे होते. २००० साली कॅनडाच्या टपाल खात्याने त्यांचे तिकीट काढले. ते ज्या वस्तीत वाढले तेथील बर्फक्रीडागृहाला त्यांचे नाव देण्यात आले आहे.

१९५७ ची संघटना टिकली नाही, तरी तिने उपस्थित केलेले प्रश्न संपले नाहीत. १९६७ साली खेळाडूंची नवी संघटना स्थापन झाली आणि तिला मालकांनी मान्यता दिली. निवृत्तिवेतन निधीतील शिलकीचा वाद माजी खेळाडूंनी पुढे न्यायालयात नेला. १९९२ साली ओंटारियो प्रांतातील न्यायालयाने माजी खेळाडूंच्या बाजूने निर्णय दिला. हार्वी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी पस्तीस वर्षांपूर्वी मागितलेल्या हिशेबाचा प्रश्न अशा रीतीने निकाली निघाला, तेव्हा हार्वी यांच्या निधनाला जवळजवळ तीन वर्षे होत आली होती.