न्यूअर्कची मालकीणबाई

माझी थोरली जाऊ मुलीच्या बाळंतपणासाठी सहा महिने न्यू जर्सीला राहून आली. येताना सगळ्यांसाठी बदाम, चॉकलेटं आणि माझ्यासाठी एक जुनं पुस्तक. तिथल्या वाचनालयात जुनी पुस्तकं विकायला काढतात, त्यातलं. आमच्या घरात इंग्रजी पुस्तक आलं की ते बी. ए. झालेल्या धाकट्या जावेकडे, असा नियमच आहे! उघडलं तर आत सगळे टोप्या घातलेले काळे खेळाडू. कुठला तरी खेळ, कुठले तरी संघ. बाजूला ठेवणार, इतक्यात एका पानावर बाईचा फोटो दिसला. छान हॅट घातलेली, गोरी, नाकी-डोळी नीटस. मला वाटलं, असेल कुणाची तरी बायको. खाली वाचलं तर बाई त्या संघाची मालकीण. नाव एफा मॅन्ली. आणि संघ कुठला, तर न्यूअर्कचा! आपल्या कितीतरी आज्या नातवंडांना बघायला जातात त्या याच न्यूअर्कच्या विमानतळावर उतरतात. मग काय, मी पुस्तक खाली ठेवलंच नाही, आणि पुढे मिळेल तिथून तिच्याबद्दल वाचत गेले.

आधी थोडं त्या खेळाबद्दल. बेसबॉल म्हणजे अमेरिकेचं क्रिकेटच म्हणा. पण एकोणिसाव्या शतकाच्या शेवटापासून मोठ्या संघांनी काळ्या खेळाडूंना दारं बंद केली होती. नियम कुठे लिहिलेला नव्हता, सगळ्यांनी मिळून पाळलेला होता, इतकंच. आपल्याला असल्या न लिहिलेल्या नियमांची ओळख करून द्यायला नको. मग काळ्या लोकांनी स्वतःचे संघ काढले. रूब फॉस्टर नावाच्या गृहस्थानं १९२० मध्ये त्यांची निग्रो नॅशनल लीग उभी केली. (निग्रो हा शब्द आता तिकडे कुणी वापरत नाही, पण लीगचं नावच ते.) जॉश गिब्सन, सॅचेल पेज असे एकेक जबरदस्त खेळाडू त्यात होऊन गेले आणि गोऱ्या अमेरिकेला त्यांचा पत्ताही नव्हता. बसनं रात्र रात्र प्रवास करायचा, वाटेतल्या हॉटेलात जागा मिळायची नाही, खाणावळीत मागच्या दारानं जेवण घ्यायचं आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा मैदानात उतरायचं.

एफाचा जन्म फिलाडेल्फियाचा, १८९७ मधला. आई शिवणकाम करायची. आईचा नवरा काळा, घरातली भावंडं काळी, पण एफा मात्र गोरी. ती स्वतः पुढे सांगायची की, आई ज्यांच्याकडे शिवणाला जायची त्या गोऱ्या श्रीमंत माणसाची ती मुलगी. खरं-खोटं आजही कुणी छातीठोकपणे सांगत नाही. मला त्याहून वेगळीच गोष्ट महत्त्वाची वाटते. गोरी म्हणून ती सहज खपली असती. न्यूयॉर्कला टोप्यांच्या दुकानात नोकरी करताना ती तशी खपलीही. पण राहायला, लग्नाला, लढायला तिनं काळ्यांचीच वस्ती निवडली. ज्या घरात वाढलो तेच आपलं, असा साधा हिशेब असावा.

नवराही खेळापायीच भेटला. ही बेब रूथचा खेळ बघायला यँकी स्टेडियमला जायची. तिथंच १९३२ मध्ये एब मॅन्लीची गाठ पडली. तो तिच्याहून बराच मोठा. पैसा होता, पण तो आकड्यांच्या जुगारातला, म्हणजे आपल्याकडचा मटकाच समजा. पुढच्याच वर्षी लग्न झालं. टिफनीच्या दुकानात त्यानं तिला भलीमोठी हिऱ्याची अंगठी घेतली, तेव्हा काळ्या म्हाताऱ्याबरोबर ही गोरी तरुणी कोण, म्हणून दुकानातल्या मुली डोकावून डोकावून बघत होत्या. हा किस्सा ती मोठ्या मजेनं सांगत असे.

हातात अंगठी आली म्हणून ती घरात बसली नाही. न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात गिऱ्हाईकं काळी, पण दुकानात विकायला उभ्या सगळ्या गोऱ्या मुली. काळ्या मुलींना काम मिळालं तर झाडू-पोछ्याचं. १९३४ मध्ये ब्लूमस्टीनच्या मोठ्या दुकानावर बहिष्कार पडला, त्यात एफा पुढे होती. दुकानासमोर रोज फलक घेऊन उभं राहायचं. सहा आठवड्यांत मालक नमला आणि काळ्या मुलींना काउंटरवर घेऊ लागला. मोर्चात जाऊन आलेल्या बाईला ठाऊक असतं, सहा आठवडे म्हणजे काय! पहिल्या दिवशी शंभरजणी असतात, दहाव्या दिवशी कुणाचं मूल आजारी, कुणाच्या घरी पाहुणे.

१९३५ मध्ये एबनं ब्रुकलिन ईगल्स हा संघ काढला. पहिल्याच सामन्याला न्यूयॉर्कचे महापौर आले, बँड वाजला आणि संघ २१-७ असा सपाटून हरला. एफा सामना अर्धा टाकून घरी निघून गेली! पण दुसऱ्या दिवसापासून तिनं कारभार हातात घेतला तो शेवटपर्यंत. पुढच्या वर्षी संघ न्यूअर्कला गेला. नवरा खेळाडू हेरण्यात पटाईत, मुलांबरोबर बसमधून हिंडायची त्याला हौस. बाकी सगळं एफाकडे. पगार, करार, सामन्यांच्या तारखा, मैदानाचं भाडं, गणवेश, जाहिराती. मैदानही स्वतःचं नाही. ते यँकी मंडळींच्या मालकीचं आणि गोऱ्यांचा संघ गावाबाहेर असेल तेव्हाच यांना मिळायचं. लीगच्या बैठकीत सगळे पुरुष मालक. बाईनं तिथं येऊन बोलावं हेच काहींना खुपायचं. पण लीगचा खजिनदार एब असताना वह्या एफाच लिहीत होती, त्यामुळे तिला गप्प बसवणार कोण? बचत गटात वही जिच्या हातात असते तिचा दरारा आपण बघतोच की.

मैदानाचा उपयोगही तिनं नुसता खेळाला केला नाही. त्या काळी अमेरिकेच्या दक्षिणेत जमाव काळ्या माणसांना झाडाला टांगून मारत असे. त्याविरुद्ध कायदा व्हावा म्हणून १९३९ मध्ये तिनं आपल्या मैदानावर खास दिवस ठेवला. प्रेक्षकांना जागा दाखवणाऱ्या मुलींच्या अंगावर या हत्या थांबवा, असं लिहिलेले पट्टे होते. आधी खेळ बघायला या, मग पट्टा वाचा! शिवाय काळ्या डॉक्टर-नर्सेसच्या इस्पितळासाठी निधी जमवणं होतंच.

१९४६ हे वर्ष तिचं. लिऑन डे हा तिचा गोलंदाज महायुद्धातून परतला आणि मोसमाच्या पहिल्याच सामन्यात त्यानं समोरच्या संघाला एकही हिट घेऊ दिली नाही. लॅरी डोबी, मॉन्टे अर्विन असे तरणेबांड गडी होते. बिझ मॅकी हा जुना जाणता खेळाडू संघ सांभाळत होता. अखेरच्या मालिकेत त्यांनी कॅन्सस सिटीच्या मोनार्क्स या बलाढ्य संघाला ४-३ असं हरवून अजिंक्यपद जिंकलं. त्या मोसमात न्यूअर्कला एक लाख वीस हजार प्रेक्षक आले. मुलांच्या प्रवासासाठी तिनं पंधरा हजार डॉलरची थंडगार बस घेतली. लोकांनी उधळपट्टी म्हणून नावं ठेवली.

पण तोवर वारं फिरलं होतं. ऑक्टोबर १९४५ मध्येच ब्रुकलिन डॉजर्सच्या ब्रँच रिकीनं मोनार्क्सच्या जॅकी रॉबिन्सनला घेतलं होतं. बंद दार उघडलं! सगळ्या काळ्या समाजाला आनंद झाला, एफालाही झाला. मात्र रिकीनं मोनार्क्सना एक दमडी दिली नाही. मग १९४६ मध्ये एफाचा डॉन न्यूकम नेला, तोही फुकट. तुमची लीग म्हणजे काही खरी लीग नव्हे, तुमचे करार म्हणजे काही करार नव्हेत, असं रिकीचं म्हणणं. बाकीचे मालक गप्प राहिले. मुलांच्या वाटेत आडवे आलो असं कुणी म्हणायला नको, ही भीती. एफा मात्र उघड बोलली. १९४७ मध्ये क्लीव्हलंडच्या बिल वेकनं डोबीसाठी दहा हजार डॉलर देऊ केले, तेव्हा गोऱ्या खेळाडूसाठी तुम्ही याच्या कितीतरी पट मोजले असते, हे तिनं त्याला स्पष्ट ऐकवलं आणि डोबी टिकला तर आणखी पाच हजार द्यायचे, असं कबूल करून घेतलं. त्यानंतर काळा खेळाडू नेताना पैसे मोजायची रीत पडली.

आमच्या शिवणवर्गात दोन वर्षं खपून तयार केलेल्या चार मुली शेजारच्या शहरातल्या एका दुकानानं एका फटक्यात उचलल्या होत्या. मुलींना चांगला पगार मिळाला म्हणून पेढे वाटले आणि रात्री मी रडले. तेव्हा दुकानदाराकडे काही मागायचं मला सुचलंही नाही. म्हणून एफाचं हे प्रकरण वाचताना मी दोनदा थांबले.

पण मॉन्टे अर्विनपाशी मी अडते. रिकीला तोही हवा होता. एफानं पैसे मागितल्यावर रिकीनं हात काढून घेतला. काळ्यांच्याच वर्तमानपत्रांनी तिच्यावर झोड उठवली. अखेर १९४९ मध्ये न्यूयॉर्क जायंट्सनं पाच हजार देऊन त्याला घेतलं, तेव्हा तो तिशीत पोचला होता. खेळाडूचं एक वर्षसुद्धा किती मोलाचं! तिची मागणी न्यायाची होती, यात मला शंका नाही. तिची किंमत थोडी अर्विननंही मोजली, हेही खरं.

इकडे प्रेक्षक आपली मुलं बघायला गोऱ्यांच्या मैदानावर जाऊ लागले. एक लाख वीस हजारांचे १९४७ मध्ये सत्तावन्न हजार झाले आणि १९४८ मध्ये पस्तीस हजार. जे दार उघडावं म्हणून आयुष्य घालवलं, त्याच दारातून तिचा सगळा संघ निघून गेला. १९४८ मध्ये मॅन्ली पतिपत्नींनी संघ विकला. अर्विनच्या पैशातला आपला वाटा आला त्यातून एफानं एक फरचा स्टोल घेतला आणि पुढे कितीतरी वर्षं तो मिरवला. हे वाचून मला फार बरं वाटलं. बाईनं सगळा पैसा समाजकार्यातच घातला पाहिजे, असं थोडंच आहे?

१९५२ मध्ये एब गेला. नंतर ती लॉस एंजेलिसला राहायला गेली. १९७६ मध्ये आपल्या त्या संघांवर तिनं एका सहलेखकाबरोबर पुस्तक लिहिलं. कूपर्सटाउनच्या हॉल ऑफ फेममध्ये थोर खेळाडूंची नावं लावतात. तिथं निग्रो लीगची मोजकी माणसं घेऊन दार पुन्हा लावून घेतलेलं दिसल्यावर तिनं पत्रांमागून पत्रं पाठवली. अमका राहिला, तमका राहिला. स्वतःचं नाव त्यात नसे. १९८१ मध्ये ती वारली. बेसबॉल तिला प्रिय होता, एवढंच तिच्या थडग्यावर कोरलं आहे.

तिची मुलं मग एकेक करून तिथं पोचली. १९९५ मध्ये लिऑन डेचं नाव निघालं तेव्हा तो इस्पितळात होता, आठवड्याच्या आत गेला. डोबी १९९८ मध्ये. २००६ मध्ये एका खास समितीनं निग्रो लीग आणि त्याआधीच्या काळातले सतराजण एकदम निवडले. त्यात बिझ मॅकी होता आणि एफाही होती. हॉल ऑफ फेममध्ये निवडली गेलेली ती पहिली बाई. १९२० ते १९४८ या काळातल्या निग्रो लीग खऱ्याच मोठ्या लीग होत्या, हे बेसबॉलच्या कारभाऱ्यांनी कबूल केलं ते डिसेंबर २०२० मध्ये, आणि २०२४ मध्ये त्यांचे आकडे मुख्य वहीत चढवले, तेव्हा फलंदाजीच्या सरासरीत जॉश गिब्सन सगळ्या गोऱ्या-काळ्यांच्या वर निघाला.

जाऊबाई पुढच्या वर्षी पुन्हा न्यू जर्सीला निघाल्यात. मी पुस्तक परत देऊ केलं तर म्हणाल्या, राहू दे, पण त्या बाईचा संघ जिथं खेळायचा ती जागा कुठे होती ते मला कागदावर लिहून दे.