व्हर्जिल थॉमसन : लोकधुनींतून इतिहास सांगणारा संगीतकार

माहितीपट पाहताना दृश्य आणि निवेदन यांकडे आपले लक्ष सहज जाते; संगीताकडे क्वचितच जाते. परंतु संगीतही इतिहास सांगू शकते, हे अमेरिकन संगीतकार व्हर्जिल थॉमसन यांच्या जीवनकार्यावरून तुमच्या लक्षात येईल.

थॉमसन यांचा जन्म २५ नोव्हेंबर १८९६ रोजी मिसुरी राज्यातील कॅन्सस सिटी येथे झाला. लहान वयातच ते चर्चमध्ये ऑर्गन वाजवू लागले. हार्वर्ड विद्यापीठातील शिक्षणाच्या काळात त्यांनी पॅरिसला नादिया बूलांजे यांच्याकडे संगीताचे धडे घेतले. १९२५ नंतरची सुमारे पंधरा वर्षे त्यांचे वास्तव्य मुख्यतः पॅरिसमध्येच होते. तरीही बालपणी कानांत मुरलेल्या चाली त्यांनी जपल्या.

१९३६ मध्ये दिग्दर्शक पेअर लॉरेंट्झ यांच्या ‘द प्लाऊ दॅट ब्रोक द प्लेन्स’ या सरकारी माहितीपटाला त्यांनी संगीत दिले. गव्हासाठी नांगरलेली गवताळ मैदाने, अवर्षण, धुळीची वादळे आणि देशोधडीला लागलेले शेतकरी, हा त्याचा विषय. करुण सुरावटीने प्रेक्षकांना रडवणे येथे सोपे होते. थॉमसन यांनी मात्र गुराख्यांची गाणी व चर्चमधील स्तोत्रांच्या चाली योजल्या. त्यामुळे उजाड झालेला शेतकरी केवळ दयेचा विषय राहत नाही. स्वतःची परंपरा असलेला माणूस म्हणून तो आपल्यासमोर येतो. ‘द रिव्हर’ या मिसिसिपी नदीवरील माहितीपटातही त्यांनी दक्षिणेकडील जुन्या प्रार्थनागीतांचा आधार घेतला.

रॉबर्ट फ्लॅहर्टी यांच्या ‘लुइझियाना स्टोरी’ (१९४८) या कथारूप माहितीपटात त्यांनी तेथील फ्रेंचभाषक केजन समाजाची लोकगीते वापरली. तेलविहीर खोदण्याच्या दृश्यात मात्र संगीत नाही. तेथे यंत्रांचाच आवाज ऐकू येतो. कोठे थांबावे, याचे भानही संगीतरचनेत महत्त्वाचे असते. या संगीताला १९४९ चे पुलित्झर पारितोषिक लाभले. चित्रपटसंगीताला हा मान मिळाल्याचे हे एकमेव उदाहरण आहे.

१९४० ते १९५४ या काळात थॉमसन ‘न्यूयॉर्क हेरल्ड ट्रिब्यून’चे संगीतसमीक्षक होते. ३० सप्टेंबर १९८९ रोजी न्यूयॉर्क येथे त्यांचे निधन झाले.

सारांश, ज्यांचा इतिहास सांगायचा, त्यांच्याच गाण्यांतून तो सांगावा, ही थॉमसन यांची दृष्टी होती.

स्वाध्याय : तुमच्या गावावर माहितीपट काढायचा झाल्यास जात्यावरची ओवी, भारूड, पोवाडा यांपैकी कशाची चाल कोणत्या दृश्याला द्याल? कोणते दृश्य संगीताविना ठेवाल? सकारण लिहा.