नानासाहेब पेशवे : अपुरा राहिलेला शोध

पुण्यात नानासाहेब पेशवे म्हटले की प्रथम बाळाजी बाजीराव आठवतात. प्रस्तुत चरित्र त्यांचे नव्हे. त्याच घराण्यात दत्तक गेलेल्या धोंडोपंतांचे आहे.

१८१८ साली इंग्रजांनी पेशवाई बुडवून दुसऱ्या बाजीरावांना कानपूरजवळील बिठूर येथे धाडले. १८२४ साली वेणगाव येथे जन्मलेल्या धोंडोपंतांना त्यांनी १८२७ साली तेथेच दत्तक घेतले. १८५१ साली बाजीराव वारले आणि कंपनी सरकारने आठ लाख रुपयांचे वार्षिक वेतन बंद केले. लंडनपर्यंत मागितलेली दाद व्यर्थ गेली.

जून १८५७ मध्ये नानासाहेबांनी कानपूरच्या उठावाचे नेतृत्व स्वीकारले. शरण आलेल्या इंग्रजांना नौकांतून सुखरूप जाऊ देण्याचे वचन मिळाले होते. तरीही २७ जून रोजी सतीचौरा घाटावर त्यांच्यावर गोळीबार झाला. बचावलेल्या स्त्रिया व मुले बीबीघरात कोंडली गेली. १५ जुलै रोजी त्यांतील सुमारे २०० जणांची कत्तल करून प्रेते विहिरीत टाकण्यात आली. आज्ञा नानासाहेबांचीच होती काय, यावर इतिहासकारांचे एकमत नाही. पण कानपुरात सत्ता त्यांच्या नावाने चालत होती, हे त्यांच्या चाहत्यांनीही मान्य करावयास हवे.

पराभवानंतर त्यांना पकडून देणाऱ्यास एक लाख रुपयांचे इनाम जाहीर झाले. १८५८ च्या राणीच्या जाहीरनाम्यातील क्षमा इंग्रज प्रजेच्या हत्येत सहभागी झालेल्यांना लागू नव्हती. नानासाहेब नेपाळच्या तराईत शिरले. एप्रिल १८५९ मध्ये तेथून पाठविलेल्या पत्रात त्यांनी स्त्रिया-मुलांच्या हत्येचा आरोप नाकारला. त्याच वर्षी ते तापाने मरण पावल्याची वार्ता नेपाळहून आली. इंग्रजांना ती पटली नाही. १८७४ साली ग्वाल्हेरच्या जयाजीराव शिंद्यांनी एका इसमास नानासाहेब म्हणून त्यांच्या स्वाधीन केले. चौकशीअंती तो दुसराच कोणी निघाला.

१९६० साली अर्जेंटिनात सापडलेल्या आइकमनवर निदान जेरुसलेममध्ये खटला चालला. बीबीघराच्या प्रकरणात नानासाहेबांची जबानी कोणत्याही न्यायासनासमोर झाली नाही. (जेत्यांच्या न्यायालयात ती कितपत ऐकली गेली असती, हा प्रश्न वेगळा.) अलाहाबाद व कानपूर येथे सरसकट फाशी देणाऱ्या जनरल नीलवर तर आरोपही ठेवला गेला नाही, १८५७ मध्येच लखनौच्या लढाईत तो पडला आणि मद्रासेत त्याचा पुतळा उभारला गेला. तो १९३७ साली हलविण्यात आला.

विहिरीवरील स्मारकाचा संगमरवरी देवदूत स्वातंत्र्यानंतर कानपूरच्या ऑल सोल्स चर्चच्या आवारात नेण्यात आला. विहीर होती त्या बागेचे नाव आज नानाराव पार्क आहे.